कागदावरचा वाढदिवस

सोल, ९ ऑक्टोबर २००८

आई,

पत्राच्या सुरुवातीला हवापाणी विचारायचं असतं. बलग्योची हवा आणि तुझे गुडघे, दोन्हींची खबर तुझ्या लेकानं, थेग्यूनं, फोनवर दिली आहे. तू फोनवर येत नाहीस म्हणून हे लिहायची वेळ. याआधीचं पत्र मी कॉलेजात असताना लिहिलं होतं, आणि त्यात मला वाटतं लोकरीचे मोजे मागितले होते.

शनिवारी तू न जेवता गेलीस. सिनेमा संपल्यावर चार लोकांशी बोलून मी मागे वळते तो तुझी आणि थेग्यूची खुर्ची रिकामी, आणि तुझ्या खुर्चीवर वड्यांचा डबा. मी कोपऱ्यावरच्या खानावळीत टेबल सांगून ठेवलं होतं, हाडांचा रस्सा चांगला मिळतो तिथं. तीन माणसांचं टेबल अडवून एकटी बसले. वाढणारी बाई सारखी विचारायची, "येतायत ना?" शेवटी तिच्याकडे बघवेना म्हणून दोन वाडगे मीच संपवले.

आणि त्या वड्या! तांदळाच्या पांढऱ्याशुभ्र, पहिल्या वाढदिवसाला करतात तशा, साठ माणसांना पुरतील एवढ्या. बलग्योपासून पाच तास मांडीवर घेऊन आलीस. थिएटरच्या दारात उभी राहून येणाऱ्या प्रत्येकाच्या हातावर ठेवत होतीस, जसं काही घरचं कार्य आहे. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं, खोटं कशाला बोलू. सगळ्यांनी खाल्ल्या मात्र. एका जाड्या समीक्षकानं दोनदा हात पुढे केला.

चूक माझीही आहे. मीच म्हटलं होतं, कागदावरच्या वाढदिवसाला खेळ ठेवलाय, बाबांचं रीळ मोठ्या पडद्यावर दाखवते, ये. एरवी सोलला ये म्हटलं की तुझे गुडघे दुखतात, किनाऱ्याच्या चिखलात शिंपल्यांचा हंगाम असतो, कुत्र्याला कोण बघेल असतं. या वेळी कुत्र्याचं नावसुद्धा काढलं नाहीस. लगेच म्हणालीस, "येते." मी खूश झाले. सोळा वर्षं सिनेमे काढतेय, तू पहिल्यांदा बघणार होतीस.

खेळानंतर सूत्रसंचालक म्हणाला, कुणाला काही विचारायचंय का. पहिल्या रांगेतून तू हात वर केलास, शाळेतल्या पोरीसारखा, कोपर ताठ. म्हणालीस, "पोर कुठं गेलं?"

 मग मागून कुणीतरी "वा" म्हणालं. तिथल्या लोकांनी तासभर डोकं खाजवलं असतं तरी त्यांना असा प्रश्न सुचला नसता. मी म्हटलं, "ते पोर तुमच्यासमोर उभं आहे." टाळ्या पडल्या. तुला वाटलं असेल मी चारचौघांत तुझी थट्टा केली. तसं नाही गं. उत्तर जमून गेलं, एवढंच.

आता रिळाचं. थेग्यू म्हणतो तू रोज एकदा विचारतेस, "रीळ आणतेय ना ती?" आणतेय. प्रयोगशाळेत साफ करायला दिलंय. सदतीस वर्षांची जुनी फिल्म, तिला बुरशी चढते, जपावं लागतं. पडद्यावर जे डाग आणि ओघळ दिसले ते सिनेमासाठी केलेले, मूळ रिळाला धक्का नाही. कबूल केल्याप्रमाणे त्याची डिस्क करून देते, मग टीव्हीवर हवं तेव्हा बघ. हिवाळ्याची किमची घालायला येईन तेव्हा घेऊनच येईन. कोबी मी चिरीन, तू नुसती हुकूम सोड.

इनसुन


सोल, ३० ऑक्टोबर

आई,

गरम बंडीचं पार्सल परत आलं. वर थेग्यूच्या अक्षरात चिठ्ठी: "ताई, रिळाचं खरं काय ते सांग. आई धड जेवत नाही."

बरं. खरं सांगते. रीळ प्रयोगशाळेत नाही, आणि त्याची डिस्क होणार नाही.

वसंतात मी तुझ्याकडून सोया घालायचा जुना रांजण मागून आणला, आठवतं? तू थेग्यूला म्हणाली होतीस, "पोरगी एकदाची घरादाराला लागली म्हणायची." रांजण मी गच्चीत ठेवला, मिठाचं पाणी भरलं आणि बाबांचं रीळ त्यात सोडलं. एकोणपन्नास दिवस. मेलेल्या माणसाचे पाळतात तेवढे, मोजून. फिल्मवरचं चित्र सरसासारख्या पातळ थरात असतं. जुलै-ऑगस्टच्या उकाड्यात तो थर फुगतो, सुटतो, घसरतो. पन्नासाव्या दिवशी बाहेर काढून जे उरलं होतं ते मोठं करून सिनेमात लावलं. साडेतीन मिनिटांची बारा मिनिटं झाली. प्रत आधी काढली नव्हती. प्रत असती तर सगळा लुटुपुटीचा खेळ झाला असता.

आता विचार, का केलंस. कुणी विचारत नाही म्हणून मीच सांगते. दर वर्षी कागदावरच्या वाढदिवसाला बाबा दोरीवर रजईची पांढरी खोळ टांगायचे. स्टुडिओतून मालकाचा प्रोजेक्टर उसना आणायचे. पहिल्या वाढदिवसाचं बाळ रांगत येतं, त्याच्यासमोर दोरा, तांदूळ, कुंचला मांडलेला, आणि बाळ दोरा उचलतं. म्हणजे शंभर वर्षं आयुष्य! तू म्हणायचीस, "बघ, ही तू." सगळे खोळीकडे बघायचे. मी तिथंच बसलेली असायचे, हाडामांसाची, गुडघे खरवडलेली, पण माझ्याकडे कुणी ढुंकून बघायचं नाही. तू तर नाहीच. तुझ्या चेहऱ्यावर तेव्हा जे यायचं ते माझ्याकडे बघताना मी कधी पाहिलं नाही. मला त्या बाळाचा मत्सर वाटायचा. स्वतःचाच मत्सर करणारी बहुधा मी एकटीच असेन.

त्या जोरावर स्वतःवर तीन सिनेमे काढले. मी कोण, माझा चेहरा कुणाचा, वर्गात सगळ्यांत लहानखुरी मीच का, असलं. लोक म्हणतात खोल आहे. हा चौथा. यात मी त्या बाळाला घालवलं. मला वाटलं आता तरी सुटेन.

बाबांनी माझं काढलेलं रीळ, त्यातला चेहरा माझा. माझ्या चेहऱ्याचं मी काहीही करीन, याला कुणाची परवानगी लागते? "बघून परत आण" म्हणाली होतीस, हे कबूल. डिस्कचं खोटं बोलले, हेही कबूल. पण कुणी मेल्यासारखं अन्नपाणी टाकून बसायचं, हे अती होतंय. मी आहे ना जिवंत? या पत्रासोबत बंडी पुन्हा पाठवतेय. तुझ्याच मापाची आहे, दुसऱ्या कुणाला येणार नाही.

इनसुन


सोल, १६ नोव्हेंबर

आई,

ग्वांगजूची आत्या डोळे तपासायला आली होती, दोन दिवस माझ्याकडे राहिली. भिंतीवर माझ्या सिनेमाचं मोठं चित्र लावलंय. त्या पंधरा मीटर फिल्ममधून वाचलेला तेवढा एकच तुकडा: बाळाची बोटं, बोटांत दोरा, कोपऱ्यात पर्सिमनची फांदी. आत्या चहा पिता पिता म्हणाली, "अगं बाई, ही थोरली ना?"

मी म्हटलं, "थोरली कोण? ती मी आहे."

"तू कशी असशील? तू झालीस तेव्हा आम्ही अंगणात किमचीचे रांजण पुरत होतो, बोटं गारठली होती. इथं बघ की, फळं लटकलीत झाडाला. किमचीच्या दिवसांत फळ उरतं होय झाडावर?" आणि मग तिनं तोंडावर हात ठेवला.

आई, मी फळं कधी पाहिलीच नव्हती. म्हणजे दर वर्षी पाहिली होती. कागदावरची तारीख एक आणि घरातली एक, ते आपल्याकडे कुणाचं नसतं? नोंदणी करायला गेलेला बाप वाटेत दारू प्यायला बसतो नि तारीख विसरतो, असे विनोद आपण ऐकत मोठे झालो. मी त्यावर कधी विचार केला नाही. तीन सिनेमे काढले स्वतःवर.

आत्या मग बोलायला लागली ती थांबेना. तू हे सगळं जगलीस, तुला काय सांगायचं. पण मला काय काय कळलं ते तुला ठाऊक असावं, म्हणून लिहिते.

आजी म्हणायची, गोवर होऊन गेल्याशिवाय पोर आपलं म्हणू नये, कागदावर घालू नये. बाबांना कुठला दम. पहिली मुलगी, आठव्या दिवशी कचेरीत जाऊन नाव घालून आले: यांग इनसुन. ती एकवीस महिन्यांची असताना जुलैत गोवर आला. "तीन दिवसांत खेळ आटोपला," आत्या म्हणाली. "तुझी आई पाच महिन्यांची पोटुशी, म्हणून आम्ही तिला खोलीत कोंडलं. तुझ्या बापानं उजाडायच्या आत पोर रजईत गुंडाळलं नि डोंगरावर नेलं. कुठं पुरलं ते मरेपर्यंत सांगितलं नाही कुणाला. तिनं पायांना मिठी मारून विचारलं तरी नाही. आईबापाआधी गेलेल्या पोराचं काही करत नसतात गं, ना थडगं, ना वर्षाचं जेवण. कपडे, फोटो सगळं म्हातारीनं चुलीत घातलं."

"मग रीळ?"

"ते घरात होतंच कुठं? स्टुडिओच्या कपाटात होतं. पुढं तुझ्या बापानं घरी आणलं तर म्हातारी विचारायची, कुणाचं रे हे? तो तुला पुढं करायचा नि म्हणायचा, हिचं."

मृत्यूची नोंद करायला बाबा तीनदा कचेरीच्या दारापर्यंत गेले आणि तीनदा परत आले. नोव्हेंबरात मी झाले. आजी म्हणाली, आता गोवर होईस्तोवर थांब. बाबा म्हणाले, "थांबायचं काय? नाव आहेच की."

म्हणून मी पाचव्या वर्षी शाळेत. म्हणून वर्गात सगळ्यांत लहानखुरी. माझा सगळा खोल प्रश्न, आत्यानं चहाच्या एका पेल्यात सोडवला.

आणि दोन वाढदिवस. नोव्हेंबरात तू माझ्यासाठी समुद्रशेवाळाचं सूप करायचीस, आणि ऑक्टोबरात, कागदावरच्या तारखेला, पुन्हा. मी शाळेत मिरवायचे, आमच्याकडे दोनदा असतं! ऑक्टोबरातल्या सूपचा एक वाडगा तू फळीवर झाकून ठेवायचीस. मी विचारलं तर म्हणायचीस, कागदालाही भूक लागते. मला त्याचं फार हसू यायचं.

तुला रीळ बघायचं होतं. अकरा वर्षं, प्रोजेक्टर मोडल्यापासून, तू ते पाहिलं नव्हतंस. मी म्हटलं मोठ्या पडद्यावर दाखवते, आणि तू तिच्या वाढदिवसाला तिच्या वड्या करून आणल्यास. पहिल्या रांगेत बसलीस. आणि मी तुझ्यासमोर तिचं तोंड घालवलं, डोळे, मग गाल, मग सगळंच. बारा मिनिटं. तू विचारलंस, पोर कुठं गेलं. त्यावर मी काय बोलले ते मला पुन्हा लिहवत नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या होत्या, आई.

"बघ, ही तू," असं म्हटल्याशिवाय तुला तिच्याकडे बघताच येत नव्हतं. मला वाटायचं तू मला फसवतेस आणि दुसऱ्या कुणावर जीव लावतेस. ते तसंच होतं. पण मी काय केलं हे. मी काय केलं.

तो सिनेमा मी सगळीकडून मागे घेतलाय. त्यानं काही भरून येत नाही, हे मला कळतं.


सोल, ४ डिसेंबर

आई,

किमची घालायला ये म्हणून तू बोलावलं नव्हतंस. थेग्यूही म्हणाला होता, "ताई, यंदा राहू दे." तरी आले. दीडशे कोबी आणि माणसं दोन, हाकलून तरी देणार नाहीस, असा माझा होरा. तू अंगणात उकिडवी बसली होतीस. मान वर केली नाहीस. रबरी हातमोज्यांची जोडी माझ्या पायाशी टाकलीस. मी ती घातली आणि बसले.

दुपारपर्यंत तू माझ्याशी फक्त मिठाबद्दल बोललीस.

"बुडाशी घाल. पानांवर नको."

"हं."

"एवढं कुणी घालतं? सगळं गळून जाईल." आणि बोलता बोलता थांबलीस. माझाही हात थांबला. थेग्यू उगाच उठून कुत्र्याला पाणी पाजायला गेला. कुत्र्याला तहान नव्हती.

हात धुऊन झाल्यावर मी पिशवीतून तू रीळ ज्यात ठेवायचीस तो दुधाच्या भुकटीचा डबा काढला. म्हटलं, "आई, यात काही नाही. आधीच सांगते." तू खिडकीपाशी बसलीस आणि फिल्म उजेडाला धरून बोटांतून सोडायला लागलीस, डाळीतला खडा शोधावा तशी, वीत वीत. तांदळाच्या दाण्याएवढी एकेक चौकट, आणि सगळी कोरी, काचेसारखी. मला वाटलं होतं तू दोन मिनिटांत फेकून देशील. तुला तास लागला.

"धुतलीस हो चांगली," तू म्हणालीस.

मग काही वेळानं, फिल्मवरच बोट ठेवून, "इथं रांगत येते."

मी पुढे सरकले. कोरी फिल्म होती ती.

"इथं म्हातारी तिचं झबलं ओढते, वर गेलं म्हणून. इथं ती कॅमेऱ्याकडे बघते. तुझ्या बापाचं तोंड दिसेना, म्हणून ओठ काढते. आता रडेल असं वाटतं. रडत नाही." फिल्म हळूहळू सरकत होती. तुला सगळं मुखोद्गत. वाचलेल्या तुकड्यापाशी आल्यावर तुझं बोट आपोआप थांबलं. "हां. हा दोरा. केवढी ओरडली होती माणसं. शंभर वर्षं जगणार म्हणून."

मी म्हटलं, "आई, मला शिव्या दे. मार."

"जेवून जा," तू म्हणालीस.

जेवलो आपण. ताज्या किमचीत तू एक शिंपली गुंडाळलीस आणि माझ्या तोंडासमोर धरलीस, मग काय वाटलं कोण जाणे, वाटीत ठेवलीस. मी ती खाल्ली. निघताना मी विचारलं, "तिचं वर्षाचं जेवण कधीच घातलं नाही ना? आपण घालू. तारखेला, रीतसर. बाबांसारखं." तू रांजणावर झाकण ठेवत होतीस. झाकणावर दगड ठेवलास.

बसमध्ये मी ठरवलं की हे एवढं तरी मी करीन. तिला तिचं मरण मिळायला हवं, आणि मला माझा जन्म. एक वकील मैत्रीण आहे, तिला विचारलं. ती म्हणाली, "होतं. वेळ लागतो, पण होतं."


सोल, २२ जानेवारी २००९

आई,

अर्ज केला नाही. आधी हे सांगते, म्हणजे पुढचं तू शांतपणे वाचशील. परवा चांद्र नव्या वर्षासाठी घरी येतेय, तेही सांगून ठेवते.

काल तुझ्याशी फोनवर बोलणं झालं तेव्हा मी कुठं होते ते तुला अर्धंच कळलं. मी इथल्या वॉर्ड ऑफिसात खिडकीसमोर उभी होते. पिशवीत कॅमेरा होता. लपवत नाही, यावर पाचवा सिनेमा काढायचा बेत होता. आपलं मरण आपणच नोंदवायला आलेली बाई, असा. माझी खोड जात नाही.

खिडकीत बसलेली मुलगी विशीतली असेल. तिनं कागद उलटसुलट केले. "मयताचं नाव यांग इनसुन. अर्जदार यांग इनसुन. मग गेलं कोण?"

मी सांगितलं.

"म्हणजे आधी यांना मयत दाखवायचं. मग हे नाव तुमचं नाही असं ठरणार. शाळेचा दाखला, पासपोर्ट, सगळं त्यांचं. आणि तुमचा जन्म लागेपर्यंत तुम्ही..." तिनं कागदांकडे पाहिलं. "तुम्ही नसाल, ताई. थोडे दिवस."

"चालेल," मी म्हटलं. मला ते आवडलंच होतं, कॅमेऱ्याच्या दृष्टीनं.

तिनं बोटं टाइप करायला ठेवली. "मृत्यूची तारीख?"

ती मला ठाऊक नव्हती. आत्यालाही जुलै एवढंच आठवत होतं. मी थेग्यूला फोन लावला, म्हटलं आईच्या कानाला दे, एकच गोष्ट विचारायची आहे. आणि इतक्या महिन्यांनी फोनवर तुझा आवाज आला, "काय?"

"आई, तारीख हवी आहे. ती गेली ती."

"कशाला?"

"कागदावर घालायला. म्हणजे तिचं रीतसर करता येईल."

 चिखलावरून वारा येतो ना घरात, तो ऐकू येत होता. मग म्हणालीस, "कोण गेली?"

"आई..."

"कोण गेली म्हणतेस? पहिलीत कोण गेलं? दुसरीत कोण गेलं? मी फळीवर गुडघा टेकून चिखलातून सरकत यायची, डोक्यावर शिंपल्यांचं घमेलं, आणि शाळेच्या कुंपणाशी थांबायची. मास्तर हजेरी घ्यायचे. यांग इनसुन! आतून आवाज यायचा, हजर! रोज. सहा वर्षं. बाया म्हणायच्या, ही नाजू गावची रोज कुंपणाला काय चिकटते, पोरगी काय पळून जाणार आहे? मी ऐकायची नि मग बाजारात जायची. मेलेलं पोर हजर म्हणतं होय गं? ते रीळ घालवलंस, घालवलंस. आता कागदावरनंही उचलून नेतेस तिला? तुझा बाप नेऊ शकला नाही, नि तू नेतेस?"

मी खिडकीतून अर्ज परत ओढला. मुलगी म्हणाली, "ताई, रद्द करायचा का?" मी मान हलवली. तेवढा एक कागद उरलाय, जिथं ती जिवंत आहे. अडतीस वर्षांची आहे, मतदार यादीत आहे, तिनं चार वाईट सिनेमे काढलेत आणि आईचं मन मोडलंय. जगलेल्या माणसाचं होतं तसं सगळं. मला जन्म नसला तरी चालेल, मी तुझ्या अंगणातून कोबी चिरून आलेय, मला माहीत आहे मी आहे. कॅमेरा मी पिशवीतून काढला नाही.

तुला धाप लागली होती. थेग्यू मागून "आई, बस, बस" म्हणत होता. मला वाटलं फोन ठेवशील. आणि तू हाक मारलीस.

"इनसुन?"

छत्तीस वर्षांत तू मला या नावानं कधी हाक मारली नाहीस. घरात मी धाकटी. थेग्यू माझ्या पाठचा, तरी धाकटी मीच, आणि मी समजायचे अंगानं किरकोळ म्हणून. नाव होतं ते बाहेरच्यांसाठी, मास्तरांसाठी. काल तू ते घेतलंस आणि इतक्या हलक्या आवाजात, जसं कुणी पाळण्यात झोपलंय की जागं आहे ते बघावं. ती हाक माझ्यासाठी नव्हती. मला ते कळत होतं, आणि तुला कळत होतं की मला कळतंय. माझ्यामागे रांग वाढत होती. खिडकीतली मुलगी दुसरीकडे बघत होती.

मी ओ दिली.